पंख दिसले की देवदूत?

रविवारच्या पुरवणीत लूव्र संग्रहालयातल्या बिनडोक्याच्या पंखधारी पुतळ्याखाली ‘ग्रीक देवदूत’ अशी ओळ होती. ती चुकली आहे. ही नीके, विजयाची देवता. प्राचीन ग्रीक कवी हेसिअडच्या ‘थिऑगनी’ या काव्यानुसार ती स्टिक्स आणि पॅलस यांची मुलगी, टायटन या आधीच्या पिढीच्या देवांविरुद्धच्या युद्धात आईबरोबर देवांचा राजा झ्यूसच्या बाजूला आलेली. म्हणजे दूत नव्हे, स्वतःच देवी. १८६३ मध्ये सॅमोथ्रेस बेटावर सापडलेली ही मूर्ती जहाजाच्या नाळेवर, म्हणजे पुढच्या टोकावर, उभी आहे आणि समोरच्या वाऱ्याने तिचं वस्त्र ओलं असल्यासारखं पोटाला चिकटलंय. फोटोतही ते दिसतं, जरा निरखून पाहिलं तर! (बुटांच्या कंपनीने नाव घेतलं ते हिचंच.)

‘देवदूत’च शोधायचा तर ग्रीक पुराणांत निरोपे वेगळे आहेत. होमरच्या ‘इलियड’ महाकाव्यामध्ये इंद्रधनुष्याची देवता आयरिस झ्यूसचे निरोप पोचवते, त्याच्याच ‘ओडिसी’त ते काम हर्मीस या देवाकडे जातं. गंमत म्हणजे इंग्रजीतला ‘एंजल’ ज्या ‘अँगेलॉस’वरून आला, त्या ग्रीक शब्दाचा अर्थ नुसता निरोप्या, तो माणूसही असू शकतो. आपल्या मराठी बायबलातला ‘देवदूत’ हा शब्द त्या मूळ अर्थाशी इमान राखतो, पंखांचा त्यात उल्लेखही नाही. सुरुवातीच्या ख्रिस्ती चित्रांतले देवदूतही बिनपंखांचेच होते. पंख नंतर आले, आणि ते देताना चित्रकारांसमोर नीकेसारख्या मूर्ती असाव्यात असं अनेक अभ्यासक मानतात.

पुढच्या अंकात दुरुस्ती छापावी, ही विनंती.

— एक वाचक, सातारा