ठाण्यातलं बाकडं

चि. माई,
अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर म्हणालीस, तुझ्या पोलीस ठाण्यात बांधाच्या, वाटेच्या आणि उसन्या पैशांच्याच तक्रारी जास्त येतात. तेव्हापासून एक गोष्ट मनात घोळतेय. तुला कधी सांगितली नव्हती.

तू दुसरीत होतीस. शेजाऱ्याने काट्या टाकून आपली विहिरीची वाट अडवली, आणि वर त्यानेच ठाण्यात अर्ज दिला. मला बोलावणं आलं. सकाळी नवापासून दिवेलागणीपर्यंत दारालगतच्या बाकड्यावर बसून होतो. ना गुन्हा, ना एनसी, म्हणजे अदखलपात्र गुन्ह्याची साधी नोंद. साहेबांनी माझा सातबारा उलगडलासुद्धा नाही. ‘वाटेवर माझा हक्क नाही’ असा कागद पुढे सरकवला. ‘कर सही, नाहीतर चॅप्टर घालतो’, म्हणजे शांतताभंगाची प्रतिबंधक कारवाई. बाजूला अंगठ्यासाठी शाईचं पॅड उघडून ठेवलं होतं. मला लिहिता येतं का, हेही कुणी विचारलं नाही. मी सही केली. घरी येऊन तुझ्या आईला म्हटलं, मिटलं.

पुढे वकिलांकडून कळलं, वाट अडवली तर 1906 च्या मामलेदार न्यायालय अधिनियमाखाली सहा महिन्यांच्या आत तहसीलदाराकडे दावा करता येतो. तोवर आठवा महिना लागला होता. मग दिवाणी दावा, आणि तिथे शेजाऱ्याने तोच कागद हजर केला. आठ वर्षं गेली.

म्हणून सांगतो, असा माणूस आला तर त्याला हुसकावू नकोस आणि निकालही देऊ नकोस. हद्दीचं असेल तर भूमी अभिलेखची मोजणी, वाटेचं तहसीलदाराकडे, हे चिठ्ठीवर लिहून दे. मुदत ठळक लिही. ताब्यावरून डोकी फुटायची वेळ आली तर नव्या नागरिक सुरक्षा संहितेचं कलम 164 आहे, पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं 145. त्यातही तुझं काम अहवाल पाठवायचं. ताबा कुणाचा ते दंडाधिकारी बघतील. मालकी तर त्यांनाही ठरवता येत नाही.

उसने पैसे थकले म्हणजे फसवणूक झाली असं नव्हे. घेतानाच बुडवायचा डाव होता का, ते बघ. पैशांच्या वादाला फौजदारी रंग दिला म्हणून एप्रिल 2025 मध्ये सरन्यायाधीश संजीव खन्ना यांनी उत्तर प्रदेश पोलिसांना किती कडक सुनावलं, ते तू वाचलंच असशील.

पण कुऱ्हाड निघाली, बाईमाणसावर हात पडला, खोट्या सहीने जमीन विकली गेली, तर ‘दिवाणी बाब आहे, कोर्टात जा’ हे शब्द तुझ्या तोंडून निघू नयेत. दखलपात्र गुन्हा दिसला की एफआयआर घ्यायचाच, हे सर्वोच्च न्यायालयात ललिता कुमारी प्रकरणात 2013 लाच ठरलंय. दोन्हीकडून पुढाऱ्यांचे फोन येतील. येऊ देत.

त्या कागदाची नक्कल ट्रंकेत आहे. दिवाळीला आलीस की दाखवतो. खाली सही माझीच आहे, पण अक्षर ओळखू येत नाही.

तुझे,
अण्णा