बाबा, त्या कर्कश बाजाबद्दल सांगते

लाइपझिग

प्रिय बाबा आणि आई, साष्टांग नमस्कार, चिनूला टपली.

परवा कॉलवर बाबा तुम्ही विचारलंत ना की मागे हा कर्कश बाजा कसला लावलायस आणि तो माणूस मधेच लॅटिनमध्ये का ओरडतोय, तेव्हा नेट गेलं आणि राहूनच गेलं, म्हणून आता नीट बसून लिहिते. लांबलचक होणार आहे, आईने कंटाळा आला तर सरळ शेवटचं वाचावं.

तर तो बँड म्हणजे इन एक्स्ट्रेमो. बर्लिनचा आहे, 1995 पासूनचा, म्हणजे तीस वर्षं झाली आणि ही मंडळी अजून थकलेली नाहीत. संगीताचा प्रकार म्हणाल तर लोक फोक मेटल म्हणतात (लोकसंगीत आणि दणदणीत गिटारचा रॉक एकत्र), इथले लोक मिटेलआल्टर-मेटल म्हणतात, म्हणजे मध्ययुगीन मेटल. पण सुरुवातीला मेटल वगैरे काही नव्हतं. इथे उन्हाळ्यात गावोगावी जुन्या काळातल्यासारख्या जत्रा भरतात, लोहार, कुंभार, तलवारबाजी, शिंगात ओतून दिलेली मधाची दारू, आणि मधेच दोन-चार जण बॅगपाइप आणि ढोल घेऊन वाजवत उभे असतात. माइक नाही, स्टेज नाही, समोरचा माणूस सॉसेज खात खात पुढे निघून गेला की तुमचं गिऱ्हाईक गेलं! तिथे ही मंडळी तयार झाली. गायक मिखाएल राइन मूळचा थुरिंगियातला, जुन्या पूर्व जर्मनीत वाढलेला, आणि त्याचं स्टेजवरचं नाव काय तर शेवटचा युनिकॉर्न. सगळ्यांचीच अशी नावं आहेत, एक येलो फायफर (तो आता बँड सोडून गेलाय), एक डॉक्टर पिमोंटे, एक लवचिक फ्लेक्स, पासपोर्टवरचं नाव कोणी वापरत नाही.

जत्रेत एकीकडे हे नुसतं पाइप-ढोल चालायचं आणि दुसरीकडे त्याच लोकांचा गिटार-ड्रम्सवाला रॉक प्रयोग चालू होता, मग दोन्ही एकत्र केलं. 1998 ची त्यांची वेक्ट डी टोटेन नावाची सीडी माझ्याकडे आहे, म्हणजे 'मेलेल्यांना उठवा', आणि बाबा तुम्हाला खरंच आवडेल असं त्यात एक आहे, भाषा. एकाच सीडीत ऑक्सितान (ही दक्षिण फ्रान्सची जुनी भाषा), लॅटिन, गॅलिशियन, नॉर्वेजियन आणि मध्ययुगीन जर्मन. एक लॅटिन गाणं कार्मिना बुराना या मध्ययुगीन कवितांच्या हस्तलिखितातलं, एक स्पेनच्या मोंटसेराट मठातल्या पोथीतलं, एक वाल्टर फॉन डेअर फोगेलवाइड या बाराव्या-तेराव्या शतकातल्या कवीचं. समोर उड्या मारणाऱ्या पोरांपैकी एकालाही त्यातलं काही कळत नाही, आणि तरी सगळे तोंडपाठ म्हणतात. मलाही ऑक्सितानचं ओ की ठो येत नाही पण लांडगा, कोल्हा आणि ससा नाचतात ते गाणं मी भांडी घासताना म्हणते.

आता तो बाजा. तो बॅगपाइपच, पण स्कॉटलंडवाला नाही. इथे त्याला मार्क्टझाक म्हणतात आणि त्याची गंमत ही की दिसायला तो अगदी जुन्या चित्रातल्यासारखा, लांब लांब भोंगे वर उभे, वाटतं थेट चौदाव्या शतकातून उचलून आणलाय, आणि प्रत्यक्षात तो 1980 च्या दशकात पूर्व जर्मनीतल्या कारागिरांनी तयार केला! जत्रेच्या गोंगाटात ऐकू जावा म्हणून मुद्दाम इतका मोठ्या आवाजाचा. म्हणजे तुम्हाला कर्कश वाटला ते बरोबरच आहे, तो त्यासाठीच बनवलाय. मला ही गोष्ट कळली तेव्हा फसवल्यासारखं नाही वाटलं, उलट बरं वाटलं, कारण हे लोक आम्ही अस्सल मध्ययुगीन आहोत असा आव आणत नाहीत, त्यांना वाजवायचंय आणि ऐकू जायला हवंय, बस.

आणि हा बाजा मेटलमध्ये का बसतो ते मला एका पाइपवाल्याला जवळून बघितल्यावर कळलं. गेल्या उन्हाळ्यात एका किल्ल्याच्या पटांगणात त्यांचा कार्यक्रम होता, ते मुद्दाम किल्ल्यांवर टूर करतात, तर मी पुढे जाऊन अगदी कठड्याला टेकून उभी होते. पिशवी काखेत, तोंडाने हवा भरायची, कोपराने दाबायची, आणि एकदा सुरू झाला की आवाज थांबतच नाही. मधे श्वासाची जागा नाही, हळू नाही, मोठं नाही, एकच आवाज, एकच जोर. सारखे दोन सूर लागोपाठ वाजवायचे असतील तर मधे बोट फटकन उचलून एक बारीकसा वेगळा सूर घालावा लागतो नाहीतर दोन्ही चिकटून एकच होतात, त्याची बोटं इतकी भराभर उडत होती की मी गाणं ऐकायचं सोडून बोटंच बघत बसले. आणि त्या भोंग्यांमधून एकच सूर सतत घुमत राहतो, आपल्याकडे सनईवाल्यामागे एक जण नुसता सूर धरून बसतो ना, अगदी तसं. आता गिटारवाल्याने त्यावर उगाच सुंदर सुंदर कॉर्ड वाजवले तर सगळं बेसूर होणार, पण मेटलवाले वाजवतात काय तर पॉवर कॉर्ड, म्हणजे नुसता षड्ज आणि पंचम, गंधार नाहीच. त्यामुळे ते दोन्ही एकमेकांवर असे बसतात की जणू शेकडो वर्षं एकमेकांची वाट बघत होते.

फक्त एक अडचण, पाइप वाजायला लागले की गायकाचं काही ऐकू येत नाही. म्हणून त्यांची बरीच गाणी अशी रचलेली असतात की कडवं म्हणताना गिटार आणि आवाज, तो गप्प झाला की तीन-तीन पाइप एकदम अंगावर येतात. ती जागा आली की पटांगणातले सगळे हात वर. शिवाय सनईच्या घराण्यातली शालमाय, हातगाडीचं चाक फिरवल्यासारखं दांडा फिरवून वाजवायचं ड्रेलायर, हार्प, स्वीडनचं निकेलहार्पा, असं बरंच काही असतं, आणि आग. आग भरपूर. आई, मी लांब उभी होते. (नव्हते.)

बाबा, आता खास तुमच्यासाठी. इथून रेल्वेने जवळच मेर्झेबुर्ग नावाचं गाव आहे, तिथल्या चर्चच्या ग्रंथालयात 1841 मध्ये एका पोथीत दोन मंत्र सापडले, दहाव्या शतकात लिहून ठेवलेले, जुन्या जर्मन भाषेत, ख्रिस्ती होण्याआधीच्या देवांची नावं असलेले. याकोब ग्रिमने, हो तोच परीकथावाला, ते पुढच्या वर्षी छापले. पहिला मंत्र कैद्याच्या बेड्या सुटाव्यात म्हणून, आणि दुसरा घोड्याचा पाय मुरगळला तर बरा व्हावा म्हणून. इन एक्स्ट्रेमोने दोन्हीची गाणी केली, एक 1999 च्या अल्बमवर, एक 2001 च्या. दुसऱ्यातल्या ओळी अशा आहेत, बेन त्सी बेना, ब्लुओत त्सी ब्लुओदा, म्हणजे हाड हाडाला, रक्त रक्ताला, सांधा सांध्याला जुळू दे. मी हे वाचलं आणि मला एकदम तुमच्या त्या जाड पिवळ्या पुस्तकातलं अथर्ववेदाचं सूक्त आठवलं, चौथ्या कांडातलं, रोहिणी वनस्पतीचं, मज्जा मज्ज्ञा सं धीयतां चर्मणा चर्म रोहतु. माझ्या आधी अर्थातच दुसऱ्या कोणाच्या लक्षात आलेलं आहे, आदालबर्ट कून नावाच्या जर्मन अभ्यासकाने एकोणिसाव्या शतकातच हे दोन्ही शेजारी ठेवून दाखवलं होतं. पण विचार करा, तोच मोडलेलं हाड सांधायचा मंत्र एकीकडे वाईत तुम्ही पाटावर बसून म्हणताय आणि दुसरीकडे इथे गोंदवलेला माणूस आगीच्या लोळासमोर उभा राहून म्हणतोय आणि हजारो लोक उड्या मारतायत!

पोथीत चाल दिलेली नाही, फक्त शब्द आहेत. चाल यांची. मला वाटतं यांचं सगळ्यात चांगलं काम हेच, जुने शब्द घ्यायचे आणि ते संग्रहालयात काचेमागे न ठेवता रस्त्यावर आणायचे. 2003 च्या अल्बमवर त्यांनी फ्रान्समधल्या व्हियों या भटक्या कवीच्या नावावर चालणारी एक जर्मन कविता घेतली, त्याआधी उहलांड या जर्मन कवीच्या कथाकाव्यावरून राजा आणि गायकाच्या शापाचं गाणं केलं, तेही असंच.

मग मोठे झाले. 2008 चा झेंगरक्रीग हा अल्बम जर्मनीत थेट पहिल्या नंबरवर गेला, नाव थुरिंगियातल्या वार्टबुर्ग किल्ल्यावरच्या कवींच्या स्पर्धेच्या दंतकथेवरून, गायक त्याच भागातला म्हणून कदाचित. 2011 चा, 2016 चा, तेही पहिल्या नंबरवर. 2013 चा कुन्स्टराउब म्हणजे रॉटरडॅमच्या संग्रहालयातल्या चित्रांच्या चोरीवरून सुचलेला. ऐकायला मजा येते पण खरं सांगू, माझं मन जुन्यातच रमतं. नवीन गाण्यांत बरंचसं सोप्या जर्मनमध्ये स्वातंत्र्य, दोस्ती, दारू, समुद्र असं चालतं, कोरस कुठल्याही रेडिओवर वाजेल असा, आणि पाइप तोंडी लावण्यापुरते. तरी 2016 च्या अल्बमवर मधेच एक एस्टोनियन आणि एक वेल्श गाणं टाकून दिलंय, ते लागलं की वाटतं हां, आता आले जागेवर. इथल्या मैत्रिणीचं मत बरोबर उलटं आहे, ती म्हणते जुन्या सीडीत गायकाला धड गाता येत नव्हतं. आमचं यावर जोरात भांडण होतं.

चिनू, तुझ्यासाठी, 2001 चा गॉथिक नावाचा जर्मन कॉम्प्युटर गेम आहे, त्याच्या जर्मन आवृत्तीत हा अख्खा बँड गेममध्ये येऊन वाजवतो, जुन्या छावणीत, कैद्यांसमोर. गाणं कुठलं तर स्वीडिश, डोंगरातली राक्षसीण एका सरदाराला लग्नाची मागणी घालते, घोडे देईन, गिरणी देईन, तलवार देईन म्हणते, आणि तो म्हणतो तू ख्रिस्ती असतीस तर केलं असतं. ग्राफिक्स बघून हसशील पण बघ.

बाबा, एक काम. त्या सूक्ताचा पूर्ण पाठ स्वरांच्या खुणांसकट वहीत लिहा आणि फोटो पाठवा, नेटवर मिळतो पण मला तुमच्या अक्षरातला हवाय, ती भांडणारी मैत्रीण मागतेय, ती ड्रेलायर शिकतेय आणि तिला दोन्ही मंत्र एकत्र करून काहीतरी वाजवायचंय. जमल्यास म्हणून रेकॉर्डही करा, सावकाश, आणि करताना आईला मिक्सर लावू देऊ नका.

आई, थालीपिठाची भाजणी संपत आली. पुढच्या महिन्यात वरच्या वाड्यातली ताई येतेय ना इकडे, तिच्याकडे दे, नीट दोन पिशव्यांत बांधून, मागच्या वेळी तिखटाच्या पुडीचा वास सगळ्या कपड्यांना लागला होता.

तुमची,
शमा