प्रिय मनू, बदकानं किल्ल्या पळवल्या

प्रिय मनूस,

अनेक आशीर्वाद. व्हॉट्सॲपवर एवढं लांब टाकलं की तू नुसता अंगठा पाठवतेस म्हणून मेलवर लिहितोय. इकडे आठवडाभर पाऊस लागून राहिलाय, फिरायला जाणं बंद, आई म्हणाली ते टीव्हीखाली पडलेलं लेकीचं ते व्हिडिओ गेमचं खेळणं तरी लावा की, धूळ खातंय. तर लावलं. तू जाताना त्यात ते बदकाचं गेम टाकून गेली होतीस ना, अनटायटल्ड गूज गेम, तेच. हो माहितीये, गूज म्हणजे बदक नाही, हंस. पण ह्या प्राण्याला हंस म्हणायला जीभच वळत नाही गं. नीरक्षीरविवेक वगैरे आपण शाळेत शिकलो ते सगळं राहिलं बाजूला, हा हंस माळ्याच्या कमरेच्या किल्ल्या पळवतो. त्यामुळं आमच्या घरी ते बदकच.

पहिले दोन दिवस म्हणशील तर नुसता अपमान. बदकाला हाताळायला बटणं किती, तर मोजून पाच-सहा. डावीकडच्या दांडीनं चालायचं, उजव्या बाजूच्या बटणानं चोचीत धरायचं, खालच्यानं पळायचं, डावीकडच्यानं ओरडायचं, आणि पाठीमागं जी दोन लपलेली बटणं आहेत त्यातल्या एकानं मान खाली घालायची, दुसऱ्यानं पंख फडफडवायचे. पंख फडफडवून होत काहीच नाही, उडता येत नाही, नुसता रुबाब. सांगायला सोपंय पण माझा अंगठा उजवीकडं म्हणून जायचा आणि डावीकडं पडायचा, म्हणजे माळ्याच्या मागं दबकत दबकत जाऊन किल्ल्यांपाशी पोचलो आणि ऐन वेळी धरायचं सोडून केकाटलो. तो वळला, हातवारे करत मागं लागला, मी आपला पंख फडफडवत उभा. आई सोफ्यावर हसून हसून बेजार.

मी ३१ वर्षं आयटीआयमध्ये फिटर ट्रेडच्या पोरांना कानस धरायला शिकवलं. पहिले काही महिने नुसतं लोखंड घासायचं, कानस पुढं जाताना दाब, मागं येताना दाब सोडायचा, आणि नव्या पोराचा हात हमखास झोपाळ्यासारखा वरखाली होतो म्हणून जॉबला मधे पोट येतं, मग गुण्या, म्हणजे काटकोन तपासायची पट्टी, लावला की खालून उजेड दिसतो. पोरगं रडकुंडीला येतं. मला तेव्हा वाटायचं ह्यात अवघड काय आहे. आता कळलं काय अवघड आहे, अंगठ्याला पोट आलं होतं माझ्या!

मग तिसऱ्या दिवशी वर्कशॉपमध्ये करायचो तेच केलं. खेळायचं नाही, माळ्याकडं बघायचंसुद्धा नाही, सुरुवातीला बागेच्या बाहेर तळ्यापाशी जी मोकळी जागा आहे तिथं नुसतं धर, सोड, धर, सोड. ह्यात एक गोष्ट ध्यानात आली ती तू मला सांगितली नव्हतीस, की धरायचं आणि सोडायचं बटण एकच आहे. मी आपला सोडायचं बटण शोधत सगळीकडं दाबत होतो. आणि दुसरी गोष्ट त्याहून भारी, बदकाची मान आपोआप जवळच्या वस्तूकडं वळते. मान ज्याच्याकडं वळली तेच चोचीत येणार. पाच वस्तू एका जागी असल्या की मी घाईनं दाबायचो आणि भलतंच उचलायचो. आता आधी मान बघतो, मग दाबतो. जमिनीलगतची वस्तू असली तर मागचं बटण दाबून मान खाली घालून जायचं, त्यानं नेम पण नीट लागतो आणि माणसांच्या नजरेत पण कमी येतो.

बटणांवर खुणा पण केल्यात. त्या इंग्रजी अक्षरांनी माझा गोंधळ व्हायचा, नजर टीव्हीवर ठेवू का हातात. तर धरायच्या बटणावर लाल ठिपका, ओरडायच्यावर गुलाबी. कशानं केले ते शेवटी सांगतो.

वस्तू-वस्तूचा स्वभाव वेगळा आहे बघ ह्या गेममध्ये, ते मला फार आवडलं. गाजर उचललं की बदक पळू शकतं, हलकं आहे. भोपळा म्हणजे ओढतच न्यायचा. आणि ते दाताळं! गेम बदकाला करायच्या खोड्यांची यादी देतं, त्यात एक काम आहे, दाताळं तळ्यात टाका. मी मधोमध धरायला बघायचो कारण आपण खराखुरा लांब पाइप उचलताना मधेच धरतो ना, तोल राहतो. इथं तसं नाही, एका टोकाला धरायचं आणि उलट्या पावलांनी मागं मागं ओढत जायचं, म्हणजे बाकीचं दाताळं आपलं आपण सरळ होऊन मागनं येतं, गाडीला ट्रेलर जोडल्यासारखं. फाटकाशी ते आडवं अडकायचं. तीन वेळा अडकलं. चौथ्या वेळी मी सोडलं, फिरून दुसऱ्या टोकाला गेलो, तिथनं धरलं आणि सरळ काढलं. आईला म्हणलं बघ, शिडी जिन्यातनं वर न्यायची तशीच. ती म्हणाली, ती शिडी तुम्ही भिंतीला घासली होती, तो ओरखडा अजून आहे.

नळाचं पण तसंच, धरायच्याच बटणानं फिरतो. माळी फवाऱ्यापाशी आला की नळ सोडायचा आणि तो चिंब. ह्यात खेळायचं काही नाही, वाट बघायची. रेडिओ मात्र डँबिस आहे, चोचीत घेतला की वाजायला लागतो आणि मग सगळ्या बागेला कळतं चोर कुठं आहे. आणि टोपीची गोष्ट तर मला तीन वेळा बघावीशी वाटली, आधी फूल उपटायचं, माळी ते परत लावायला खाली वाकला की डोक्यावरची टोपी चोचीत घेऊन पळायचं, मग तो बिचारा दुसरी उन्हाची टोपी घालतो, आणि यादीतलं तेच काम असतं, त्याला ती टोपी घालायला लावायचं. म्हणजे चोरी ही खरं तर चोरी नाहीच, दुसरंच काहीतरी व्हावं म्हणून केलेली लबाडी. हे ज्यानं सुचवलं त्याला माझ्या वर्कशॉपात नक्की घेतला असता, किंवा मग नक्की घेतला नसता.

आणि एक, हा माळी माझ्यासारखाच आहे. वस्तू कुठंही टाक, तो ती शोधून आणतो आणि जिथली तिथं ठेवतो, बडबडत. माझा स्क्रू ड्रायव्हर तू किचनच्या ड्रॉवरमध्ये टाकायचीस तेव्हाचा मी. त्यामुळं माझी सहानुभूती पूर्णपणे त्याच्या बाजूला आहे आणि तरी मी त्याला छळतोय.

तुला माहीत असेलच पण मी शेजारच्या पोराकडनं शोधून घेतलं, हे गेम तुझ्याच मेलबर्नमधल्या चार जणांनी केलंय, हाऊस हाऊस नाव. गाव दाखवलंय इंग्लंडमधलं आणि करणारे तुझ्या शेजारचे. एकानं आपसातल्या चॅटवर हंसाचा एक फोटो टाकला, त्यावर चेष्टा सुरू झाली आणि त्यातनं हे निघालं. २० सप्टेंबर २०१९ ला बाजारात आलं आणि वर्ष संपेपर्यंत दहा लाख कॉप्या खपल्या. आमच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर इतकी वर्षं चेष्टा चाललीये, त्यातनं अजून एक रुपया निघाला नाही. आणि तो पियानो ऐकलास का नीट? देब्युसी म्हणून फ्रेंच संगीतकार होता त्याच्या रचना आहेत, पण त्याचे बारीक बारीक तुकडे केलेत, आपण दबकत चाललो की दोन-चार सूर, पाठलाग सुरू झाला की एकदम धावपळ. तबलजी जसा गाणाऱ्याच्या तोंडाकडं बघून वाजवतो तसा तो पियानो बदकाकडं बघून वाजतो. मी तर आता बघण्याआधी ऐकतो, सूर बदलला की समजायचं माळ्याला संशय आला.

आता मूळ गोष्टीवर येतो, कारण पत्र त्यासाठीच लिहायला घेतलं आणि बदकातच अडकलो.

मागच्या वेळी तू आलीस तेव्हा मी तुला विचारलं होतं की फोनवरनं लाइटबिल कसं भरायचं. तू म्हणालीस "द्या इकडे", फोन माझ्या हातातनं घेतलास, तीन सेकंदात टिकटिक केलंस आणि "झालं बाबा" म्हणून परत दिलास. बिल भरलं गेलं. मला अजून भरता येत नाही. दर महिन्याला मी शेजारच्या पोराला हाक मारतो, तो पण "द्या इकडे काका" म्हणतो. मी रागावलो नव्हतो, खरंच नाही, पण मनात राहिलं, कारण माझ्या वर्कशॉपात एकच कायदा होता, पोराच्या हातातली कानस काढून घ्यायची नाही. तो कितीही वाकडं घासू दे. पाठीमागं हात बांधून उभं राहायचं आणि तोंडानं सांगायचं, फार तर त्याच्या कोपराला बोट लावायचं. हातातनं घेतली की तो शिकत नाही, तो नुसता बघतो. ह्या बदकाच्या गेममध्ये माझ्या हातातनं घ्यायला कोणी नव्हतं म्हणून मला आलं, असं मी आईला मोठ्या ऐटीत सांगत होतो.

तर ऐक पुढं काय झालं. बागेतलं सगळ्यात शेवटचं काम आहे, माळ्याच्या अंगठ्यावर हातोडी बसवायची. तो पाटी ठोकत असतो, बदकांना मनाई अशी, आणि त्यानं हातोडी उगारली की नेमकं त्या क्षणी ओरडायचं. हे ओरडणं मला काही केल्या वेळेवर जमेना, एक तर आधी ओरडायचो नाहीतर नंतर. आई म्हणाली मला द्या. दिलं. तिनं कंट्रोलर उलटा धरला. मग सरळ केला, मग बदक कुंपणाला धडका मारत बसलं, मग चुकून पाण्यात गेलं, आणि मी, मी ३१ वर्षांचा इन्स्ट्रक्टर, तिच्या हातातनं कंट्रोलर घेतला आणि म्हणालो "आण इकडे".

तिनं नुसतं बघितलं माझ्याकडं. काही बोलली नाही. तू ओळखतेस ती नजर.

मी गुपचूप परत दिला. पाठीमागं हात बांधून उभा राहिलो, म्हणजे खरंच उभा राहिलो, सोफ्याच्या मागं. दहा मिनिटं लागली तिला माळ्यापर्यंत पोचायला. माझ्या जिवाची नुसती घालमेल, डावीकडं डावीकडं असं ओठावर येत होतं. आणि मग तिनं त्याची हातोडी दोन वेळा नुसती बघितली, काही दाबलं नाही, तिसऱ्या वेळी वर गेली तशी गुलाबी ठिपका दाबला. बसली अंगठ्यावर. पहिल्या फटक्यात! म्हणाली, एवढं काय त्यात, कुकरची शिट्टी येणार ते आधी कळतंच की.

तेव्हापासून कंट्रोलर दुपारी तिच्याकडं असतो. आता ती गेममधल्या बाजारपेठेत आहे, त्या चष्म्याच्या पोराच्या बुटाची लेस सोडवायची तिला पाठ झालीये, चोचीत लेसचं टोक धरायचं आणि मागं ओढायचं, तो पळायला लागला की तोंडावर पडतो. ह्या वयात बायको एवढी दुष्ट निघेल असं वाटलं नव्हतं. दुकानातल्या बाईच्या झाडूशी तिची रोज झटापट चालते, झाडूचं टोक चोचीत धरून ओढत राहायचं तो मोडेपर्यंत, ती बाई तिकडनं ओढते ही इकडनं, आणि आईचा चेहरा असा की प्रत्यक्षात पण ओढत असावी. पुढं एक बाजा आहे म्हणे, तोंडानं वाजवायचा, तो चोचीत धरून ओरडलं की केकाटायच्या जागी सूर येतो. तिला तो कधी एकदा मिळतोय असं झालंय.

दिवाळीला येणार आहेस ना. ह्या गेममध्ये दोघांना मिळून खेळता येतं, दोन बदकं असतात, ते नंतर २०२० मध्ये फुकट दिलं त्यांनी. एक तू हो एक मी, किंवा तू आणि आई, मी सोफ्याच्या मागं. पण एक अट, माझ्या चोचीतलं काही घ्यायचं नाही. मी दाताळं फाटकात अडकवून बसलो तरी नाही. तोंडानं सांग. आणि ते लाइटबिल पण, मी फोन हातात धरतो, तू पाठीमागं हात बांधून उभी राहा, अर्धा तास लागला तर लागला. जेवण नंतर करू.

तिकडं थंडी फार असेल आत्ता, स्वेटर घालतेस का नाही? भाताला तो छोटा कुकर पुरतो का? आई म्हणतेय मेथीचे लाडू पाठवायचे तर तिथं कस्टमवाले अडवतात का ते विचारून सांग.

आणि ठिपके तुझ्या नेलपॉलिशनं केलेत, ड्रेसिंग टेबलाच्या खणात होतं. लाल थोडं उरलंय. गुलाबी संपलं, कारण पहिल्यांदा चुकीच्या बटणावर लावलं होतं.

तुझा,
बाबा