मा. उद्योगमंत्र्यांना खुलं पत्र: सबसिडी जरूर द्या, पण आधी व्हेंडरचं बिल ४५ दिवसांत दिलं का ते बघा

मा. उद्योगमंत्री साहेब,
महाराष्ट्र राज्य

सप्रेम नमस्कार.

मी भोसरी एमआयडीसीत छोटं मशीन शॉप चालवतो. पत्राचा विषय एकच आहे, छोट्या कारखानदाराचं अडकलेलं बिल, आणि त्यात राज्य सरकार काय करू शकतं. हा केंद्राचा विषय आहे म्हणून पत्र बाजूला ठेवू नका प्लीज, कारण मी जे मागतोय ते बहुतेक सगळं तुमच्याच खात्याच्या हातातलं आहे.

दरवर्षी जानेवारीत दावोसहून आकडे येतात, २०२५ ला तर १५ लाख कोटींच्या वरचे करार झाले. मला त्याचा आनंदच आहे, मनापासून सांगतो, कारण चाकणला किंवा शेंद्र्याला एक मोठा प्लांट आला की आमच्यासारख्यांना काम मिळतं. पण ते काम कसं चालतं हे करारावर सही करणाऱ्यांनी एकदा बघायला पाहिजे. ट्रकचा एखादा साधा ब्रॅकेट घ्या. स्क्रॅप आणि पिग आयर्न वितळवून त्याचं कास्टिंग होतं कोल्हापुरात, शिरोली नाहीतर गोकुळ शिरगावच्या फाउंड्रीत, तिथून रात्रीच्या टेम्पोने ते भोसरीत येतं, आमच्याकडे फेसिंग ड्रिलिंग टॅपिंग होतं, मग पलीकडच्या गल्लीत प्लेटिंग नाहीतर पावडर कोटिंग, तिथून टियर वन कंपनीत (म्हणजे गाडीच्या कंपनीला थेट माल देणाऱ्या कंपनीत) असेंब्ली आणि मग चाकणच्या लाइनवर. गाडीवर नाव एकाच कंपनीचं असतं. माल या साखळीतून पंधरा-वीस दिवसांत पुढे जातो, पैसा मात्र मागे येताना प्रत्येक टप्प्यावर थांबत थांबत येतो, आणि सगळ्यात शेवटी ज्याच्याकडे येतो त्याच्याकडे थांबायची ताकद सगळ्यात कमी असते.

हिशोब साधा आहे. समजा महिन्याला दहा लाखाचं बिलिंग आहे आणि पेमेंट चार महिन्यांनी येतंय. म्हणजे कायम चाळीस लाख बाहेर. ते चाळीस लाख बँकेच्या सीसीतून, म्हणजे कॅश क्रेडिट कर्जातून काढायचे, दहा टक्के व्याज धरलं तरी वर्षाला चार लाख, महिन्याला तेहतीस हजार, मशीन सेट करणाऱ्या एका चांगल्या सेटरचा पगार झाला की हा. कंपनी बिनव्याजी वापरते आणि व्याज आम्ही भरतो. बरं बाकी कोणी आमच्यासाठी थांबत नाही. कामगारांचा पगार सात तारखेपर्यंत द्यावाच लागतो, तो लांबवायचा नसतो, त्यांच्या घरी चूल आहे. पीएफ आणि ईएसआय पंधरा तारखेला. जीएसटी पुढच्या महिन्याच्या वीस तारखेला, आणि तो बिल फाडलं की भरायचा, पैसे आले की नाही. म्हणजे जे पैसे मला मिळालेच नाहीत त्यावरचा टॅक्स मी सीसीतून काढून सरकारला भरतो, आणि ज्या कंपनीने मला पैसे दिले नाहीत ती त्याच टॅक्सचं क्रेडिट आधीच घेऊन बसलेली असते. १८० दिवसांत पेमेंट केलं नाही तर ते क्रेडिट परत करावं लागतं असा नियम आहे, पण १८० दिवस म्हणजे सहा महिने झाले साहेब.

आता कायदा. कायदा नाही असं नाहीये, कायदा चांगला आहे. एमएसएमई, म्हणजे सूक्ष्म, लघु आणि मध्यम उद्योगांचा कायदा, २००६ चा. लेखी करार नसेल तर माल स्वीकारल्यापासून १५ दिवसांत पैसे, करार असेल तरी जास्तीत जास्त ४५ दिवस, त्याच्या पुढे कोणताही करार चालत नाही. उशीर झाला तर रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट दराने, दर महिन्याला चक्रवाढ व्याज. प्रत्यक्षात काय होतं ते माझ्याच डोळ्यासमोरचं सांगतो. एका कंपनीच्या (नाव लिहीत नाही) पीओवर, म्हणजे खरेदीच्या ऑर्डरवर, सरळ छापलेलं असतं, पेमेंट ९० दिवस फ्रॉम जीआरएन. आता जीआरएन म्हणजे स्टोअरमध्ये माल जमा झाल्याची नोंद. गाडी गेटवर पोचते, गेट एंट्रीचा शिक्का पडतो, माल उतरतो, दोन दिवसांत लाइनवर वापरलासुद्धा जातो, पण सिस्टीममध्ये जीआरएन पडत नाही कारण महिनाअखेर आहे, क्वालिटीवाला रजेवर आहे, नाहीतर तुमच्या चलनावर पार्ट नंबरचा एक आकडा चुकलाय. जीआरएन पडला की तिथून ९० दिवस, आणि नव्वदावा दिवस जर चार तारखेला आला तर पेमेंट रन पुढच्या महिन्यात. मध्येच एखादी डेबिट नोट (बिलातून पैसे कापल्याचा कागद) येते, तीन महिन्यांपूर्वीच्या लॉटमधले चाळीस नग रिजेक्ट म्हणून. ते नग बघायला मागितले तर स्क्रॅप झाले. कायदा म्हणतो की माल पोचल्यापासून १५ दिवसांत लेखी हरकत घेतली नाही तर माल पोचला त्याच दिवशी स्वीकारला असं धरायचं. म्हणजे हे सगळं कायद्याच्या विरुद्ध आहे, उघड उघड, छापील पीओवर आहे, आणि तरी वर्षानुवर्षं चालू आहे.

मग तक्रार का करत नाही असं तुमचे अधिकारी विचारतील. पाण्यात राहून माशाशी वैर कोण करणार? ज्या दिवशी मी फॅसिलिटेशन कौन्सिलकडे, म्हणजे याच कायद्याखाली थकलेल्या बिलांचा निकाल देणाऱ्या मंडळाकडे, अर्ज टाकला त्या दिवशी माझा व्हेंडर कोड ब्लॉक होणार, म्हणजे ऑर्डर बंद, हे मला आणि त्या कंपनीच्या परचेसवाल्याला दोघांनाही माहीत आहे. त्यामुळे तिथे जातात ते बहुतेक ज्यांचा त्या गिऱ्हाइकाशी धंदा आधीच तुटलाय ते. चालू धंद्यातला माणूस जात नाही, तो तोंड दाबून बुक्क्यांचा मार खात राहतो. आणि जे जातात त्यांचं काय होतं? कौन्सिलने ९० दिवसांत निकाल द्यायचा असं कायद्यात लिहिलंय, माझ्या ओळखीतल्या लोकांचे अर्ज त्याच्या कितीतरी पुढे रेंगाळलेत. निकालाला आव्हान द्यायचं तर समोरच्याला ७५ टक्के रक्कम आधी भरावी लागते, ही तरतूद फार मोलाची आहे, पण निकालच लागला नाही तर ती वापरणार कशी.

आयकरातल्या ४३बी(एच) ने थोडा फरक पडला हे मान्य करतो. १ एप्रिल २०२४ पासून ते लागू झालं, सूक्ष्म आणि लघु उद्योगाचं बिल मुदतीत दिलं नाही तर खर्चाची वजावट मिळत नाही. पण त्याची धार लागते ती फक्त मार्चमध्ये, कारण ३१ मार्चच्या आत देऊन टाकलं की त्या वर्षाची वजावट मिळते, मग उशीर कितीही असो. मार्चच्या शेवटच्या आठवड्यात आम्हाला पैसे येतात आणि एप्रिलपासून पुन्हा तेच. काही ठिकाणी तर व्हेंडरला सांगितलं गेलं की उद्यम रजिस्ट्रेशन (छोटा उद्योग म्हणून केंद्राकडे असलेली नोंदणी) काढून टाक नाहीतर ऑर्डर दुसरीकडे जाईल. संरक्षण मिळालं म्हणून काम जायची वेळ आली.

साहेब, याच महाराष्ट्रात याच प्रश्नाचं उत्तर एका धंद्याने शोधलंय आणि ते आपल्याला सगळ्यांना माहीत आहे. ऊस. ऊस कारखान्यात गेला की १४ दिवसांत एफआरपी, म्हणजे केंद्राने ठरवलेला उसाचा किमान दर, १९६६ च्या ऊस नियंत्रण आदेशाप्रमाणे, उशीर झाला तर १५ टक्के व्याज. आणि कारखान्याने थकवलं तर पुण्यातून साखर आयुक्त आरआरसी काढतात, म्हणजे जमीन महसुलाची थकबाकी असल्यासारखी वसुली, जिल्हाधिकाऱ्यामार्फत साखर जप्त करण्यापर्यंत. हे आपोआप झालं नाही, त्यामागे शेतकरी संघटनांनी रस्त्यावर खाल्लेला मार आहे. सरकारने २०२२ ला दोन हप्त्यांत एफआरपी द्यायचा जीआर काढला होता तो मार्च २०२५ मध्ये उच्च न्यायालयाने रद्द केला, एकरकमी द्या म्हणून. अजूनही थकबाकी राहते, सगळं आलबेल आहे असं मी म्हणत नाही. पण फरक बघा. उसाच्या थकबाकीची कारखानावार यादी आयुक्तालयात तयार असते, पेपरात छापून येते, कोणी किती टक्के दिले ते गावातल्या पोराला पण तोंडपाठ असतं. शेतकऱ्याला एकट्याला जाऊन तक्रार करावी लागत नाही, आयुक्तालय स्वतःहून कारखान्याला विचारतं. आमच्या ४५ दिवसांना असा कोणी आयुक्त नाही.

आणि हे फक्त ऑटोवाल्यांचं रडगाणं समजू नका. इचलकरंजीत मजुरीवर माग चालवणारा आहे, व्यापाऱ्याचं सूत, याचे माग, याची वीज, मजुरी पिकावर (म्हणजे कापडातल्या आडव्या धाग्यांच्या मोजणीवर) ठरलेली, आणि ती हातात कधी पडेल ते व्यापाऱ्याच्या मर्जीवर. सोलापूरचा टॉवेलवाला तसाच. तारापूर, महाड, लोटेच्या केमिकल कंपन्यांना ड्रम, लायनर, फॅब्रिकेशन पुरवणारे आहेत. हिंजवडीतल्या आयटी पार्कला बस, कॅन्टीन, हाउसकीपिंग पुरवणारे आहेत, ते सेवा उद्योग म्हणून याच कायद्यात बसतात आणि त्यातल्या बऱ्याच जणांना ते माहीतही नाही. कोल्हापूरच्या फाउंड्रीवाल्यांनी वीजदरावरून कर्नाटकात जायचा इशारा कितीदा दिला ते तुम्हाला ठाऊक आहे, विजेचा प्रश्न मोठाच आहे, पण वीजबिल दर महिन्याला रोख आणि कास्टिंगचे पैसे चार महिन्यांनी, हे दोन्ही मिळून माणूस मोडतो. आणि सरकारबद्दलही बोलायला पाहिजे, सरकारी कामाची बिलं अडकली म्हणून राज्यभर ठेकेदारांनी आंदोलनं केली ती २०२५ मध्येच, तेव्हा सरकारी खात्यांनी आधी स्वतःची बिलं वेळेत काढली तर दुसऱ्याला सांगताना तुमच्या शब्दाला वजन येईल.

आता मागणी. तुमच्या हातात सगळ्यात मोठी गोष्ट आहे ती म्हणजे प्रोत्साहन. १९६४ पासून आपल्याकडे सामूहिक प्रोत्साहन योजना चालू आहे, त्यातूनच कारखानदारी मुंबई-ठाण्याबाहेर सरकली, मी त्या योजनेच्या विरोधात अजिबात नाही. मोठ्या आणि मेगा प्रकल्पांना राज्याच्या जीएसटीच्या हिशोबाने इंडस्ट्रियल प्रमोशन सबसिडी मिळते, वीज शुल्क माफ होतं, मुद्रांक शुल्क माफ होतं. हा पैसा राज्याचा, म्हणजे आमचाही. तर त्या कंपनीला दरवर्षीचा हप्ता सोडायच्या आधी एक गोष्ट तपासा, तिने तिच्या सूक्ष्म आणि लघु व्हेंडरचे पैसे ४५ दिवसांत दिले का.

कसं तपासायचं, तर त्यासाठी व्हेंडरला पुढे करायची गरजच नाही. २०१९ पासून प्रत्येक कंपनीला, ४५ दिवसांच्या वर छोट्या उद्योगांची देणी थकली असतील तर, दर सहा महिन्यांनी कंपनी खात्याकडे एमएसएमई-१ नावाचा फॉर्म भरावा लागतो, कोणाचे किती थकले आणि का थकले त्यासकट. शिवाय ऑडिट झालेल्या बॅलन्स शीटमध्ये एमएसएमईची देणी वेगळी दाखवावी लागतात. सबसिडीच्या फाइलला हे दोन कागद आणि सीएचं एक सर्टिफिकेट लावायची अट घाला. थकबाकी असेल तर ती चुकती होईपर्यंत हप्ता थांबवा. २५० कोटींच्या वर उलाढाल असलेल्या कंपन्यांना ट्रेड्सवर (छोट्यांच्या बिलांवर बँकांकडून आधी पैसे मिळवून देणाऱ्या ऑनलाइन व्यवस्थेवर) यायची सक्ती केंद्राने केलीच आहे, पण नुसतं नाव नोंदवून उपयोग नाही, आमची बिलं तिथे अॅक्सेप्ट केली तरच आम्हाला बँकेकडून लगेच पैसे मिळतात, तर किती बिलं अॅक्सेप्ट केली ते पण विचारा. यात माझं नाव कुठे येत नाही, शेजारच्या प्लेटिंगवाल्याचं येत नाही, कोणाचा व्हेंडर कोड ब्लॉक होत नाही, विचारणारं सरकार असतं.

ही अट टियर वनपर्यंत पण जायला पाहिजे. मोठी कंपनी सांगते आम्ही तर वेळेत देतो, आणि बऱ्याचदा ते खरंही असतं, पैसा अडतो मधल्या कंपनीत. म्हणून सबसिडी घेणाऱ्या कंपनीने आपल्या थेट पुरवठादारांकडूनही तसंच प्रमाणपत्र घ्यावं. क्वालिटीसाठी त्या तळापर्यंत ऑडिट करतातच ना, आमच्या गेजचं कॅलिब्रेशन झालंय का ते बघायला त्यांचा माणूस भोसरीपर्यंत येतो.

दुसरं, कौन्सिल. ती राज्य सरकार नेमतं, उद्योग संचालनालयाचा अधिकारी त्यात असतोच, त्यामुळे हे सरळ तुमचं काम आहे. पिंपरी-चिंचवड, चाकणसारख्या पट्ट्यासाठी पूर्ण वेळ बसणारं कौन्सिल द्या, दुसऱ्या कामाच्या गर्दीत महिन्यातून कधीतरी बसणारं नको. ९० दिवस उलटलेल्या अर्जांची यादी दर तिमाहीला वेबसाइटवर टाका. आणि निकाल लागल्यावर वसुलीसाठी पुन्हा कोर्टात वकील लावायला लागू नये, उसाच्या आरआरसीसारखी महसुली वसुली प्रत्यक्षात झाली पाहिजे. कागदावर काहीही असो, आमच्या बिलासाठी तहसीलदार निघालाय असं मी आजवर पाहिलेलं नाही.

१९१० साली कुंडलच्या माळावर किर्लोस्करवाडी उभी राहिली, १९६२ ला एमआयडीसी झाली, आज देशाच्या उत्पन्नात आपला वाटा साधारण तेरा-चौदा टक्के सांगितला जातो, आणि त्यातला मोठा भाग पत्र्याच्या शेडमधून येतो, जिथे मालक स्वतः मशीनवर उभा असतो. आमच्या लाइनमधली पोरं आता मला सांगतात, काका, वडिलांचं वर्कशॉप नाही चालवायचं, त्यापेक्षा नोकरी बरी. त्यांना कामाचा कंटाळा नाहीये, दर महिन्याच्या वीस तारखेची भीती त्यांनी लहानपणापासून घरात बघितलीये.

पुढचे करार होतील तेव्हा त्या मसुद्यात ४५ दिवसांचं हे एक कलम टाकायला सांगा. आणि आधीच सबसिडी घेत असलेल्या कंपन्यांचे एमएसएमई-१ फॉर्म मागवून बघायला याच महिन्यात सुरुवात करता येईल, त्यासाठी नवीन कायदा लागत नाही. याबाबत खात्याने काय ठरवलं ते जाहीरपणे सांगावं ही विनंती.

आपला,
भोसरीतला एक लघुउद्योजक