रामकुंडाची तीच पायरी

नाशिक, रविवार

प्रिय सुहास,
सप्रेम नमस्कार.

दिवाळीत मिसळ खाऊन तू नुसतं "ठीक आहे" म्हणालास, ते मला बरेच दिवस लागून राहिलं होतं. मिसळीत काही कमी नव्हतं रे. काळ्या मसाल्याचा रस्सा, सोबत पापड, दही, असं महिनाभर मी फोनवर इतकं रंगवलं की समोर ताट यायच्या आधीच तुझ्या मनात वेगळीच मिसळ शिजून तयार होती. त्यात आपण तासभर नंबर लावून उभे.

परवा याच्या उलट गोष्ट वाचली. २००८ साली अमेरिकेतल्या संशोधकांनी काही लोकांना एकच वाइन एकदा १० डॉलरची आणि एकदा ९० डॉलरची म्हणून चाखायला दिली. ९०ची जास्त आवडली. मेंदूच्या स्कॅनमध्ये सुखाशी जोडलेला भागही तेव्हा जास्त जागा झालेला दिसला. म्हणजे ते उगाच वाहवा करत नव्हते, त्यांना ती खरंच चांगली लागली होती. मग तुझं "ठीक आहे"ही खरंच होतं, हे पटलं आणि मनातली अढी गेली.

पण लिहायचं होतं ते रामकुंडाबद्दल. मागच्या वर्षी अण्णांच्या अस्थी घेऊन गेलो, तेव्हा जिथे आपण लहानपणी उड्या मारल्या तीच पायरी होती. पाणी काळपट दिसलं. घंटा डोक्यात जात होत्या. गुरुजी घाई करताहेत असं वाटलं. घरी येऊन आईला म्हणालो, "घाट किती बकाल झालाय गं." आई काही बोलली नाही.

यंदा मे महिन्यात ताईची मुलगी आली. तिला दुतोंड्या मारुती दाखवायला सकाळीच नेलं. तेच पाणी, त्याच घंटा. तिने पाण्यात पाय सोडले आणि कबुतरं मोजत बसली. एक उडालं की पुन्हा पहिल्यापासून. पाणी गार होतं, ऊन कोवळं होतं, आणि कितीतरी महिन्यांनी मला छातीत मोकळं वाटलं.

आमच्याच पायरीवर, दहा हातांवर, एक मुलगा बसला होता. नुकतं मुंडन केलेलं, मांडीवर पांढऱ्या फडक्यात बांधलेलं मडकं. आमच्या हसण्याने त्याने एकदा वळून पाहिलं. त्याला त्या क्षणी घाट कसा दिसत होता, ते मला ठाऊक होतं. भाचीला म्हटलं, "हळू मोज." तिने का म्हणून विचारलं नाही, बोटांवर मोजायला लागली.

फेब्रुवारीत ये. द्राक्षं तयार असतील. मिसळीबद्दल या वेळी आधी एक शब्द बोलणार नाही.

तुझा,
विनय