डच हार्बरहून अण्णांना

डच हार्बर, अलास्का
२० ऑक्टोबर

ती. अण्णांस शिरसाष्टांग नमस्कार.

पत्र पावलं. गाबोळीने भरलेली खेकड्याची मादी आयती सापळ्यात येते आणि हे लोक ती परत पाण्यात का टाकतात, असं तुम्ही विचारलंत. इथल्या ब्रिस्टल बे या उपसागरात कायदाच तसा आहे. लाल किंग क्रॅब या इथल्या मोठ्या खेकड्याचा फक्त नर घ्यायचा, तोही पाठ काट्यांसकट ६.५ इंच रुंद भरली तरच. प्रत्येक बोटीवर मापाची पट्टी असते.

पण कायद्यामागचं कारण त्याच्या वाढीत आहे. या गार पाण्यात नराला त्या मापाला यायला सात ते नऊ वर्षं लागतात. मादीला मिलनासाठी आधी कात टाकावी लागते, म्हणजे वर्षाला एकच संधी. नर तिला काही दिवस नांग्यांनी धरून ठेवतो आणि जुनं कवच निघालं की मऊ अंगावरच मिलन होतं. पुढे ती अंडी पोटाखाली जवळजवळ वर्षभर वागवते. मोठ्या मादीकडे ती लाखांत असतात, पण त्यातून मोठी होणारी पिल्लं फार थोडी.

एखादा हातात घेऊन पाहिलात तर पाय कमी वाटतील. आपल्या कुर्लीचे नांग्या धरून दहा, याचे आठच दिसतात. पाचवी जोडी बारीक असते आणि कवचाखाली कल्ल्यांच्या पोकळीत दुमडलेली. तिनेच तो कल्ले साफ करतो. हा शंखात राहणाऱ्या खेकड्यांच्या नात्यातला, म्हणून मादीचं पोटही एका बाजूला वळलेलं असतं.

सापळा म्हणजे सुमारे ७ फूट बाय ७ फूट लोखंडी चौकट, रिकामीच ३०० किलोच्या आसपास. आत आमिष म्हणून भोकांच्या बरणीत हेरिंग माशाचा चुरा आणि शेजारी कॉड मासा टांगलेला. एका बाजूचं जाळं मोठ्या आसाचं, म्हणजे मोठ्या भोकांचं, त्यातून लहान खेकडे आणि माद्या तळावरच निसटतात. म्हणून सापळा घाईने उचलत नाहीत. मला सगळ्यात पटलेली गोष्ट मात्र दोऱ्याची आहे. जाळ्यात १८ इंचांची चीर ठेवून ती सुती दोऱ्यानेच शिवायची, नायलॉन चालत नाही. दोर तुटून सापळा तळाशी राहिला तर सूत कुजतं, चीर उघडते आणि खेकडे सुटतात. नाहीतर आतले उपाशी मरतात, त्यांच्या वासाने आणखी आत शिरतात, आणि हे वर्षानुवर्षं चालतं. आपल्याकडच्या सापळ्यांनाही हे सहज करता येईल, खर्च जवळपास काहीच नाही. मच्छीमार सोसायटीत जरूर बोला.

माल जिवंतच पोचवावा लागतो. मेलेल्याचं मांस फार लवकर बिघडतं, कारखाना तो घेत नाही. बोटीतला खेकड्यांचा खण समुद्राच्या पाण्याने भरलेला आणि पंप अखंड चालू. पंप अडला की प्राणवायू संपतो; एक मेला की पाणी नासून शेजारचेही जातात. नदीच्या मुखाशी गोडं पाणी आत आलं तरी तेच. पाय तुटलेला खेकडा रक्त जाऊन मरतो, म्हणून हाताळताना खेकडे आदळायचे-फेकायचे नाहीत. परत सोडायचेही चटकन घसरणीवरून सोडतात, थंड वाऱ्यात कल्ले गोठतात.

माणसांचा खरा वैरी बर्फ. उडालेलं पाणी रचलेल्या सापळ्यांवर गोठतं, बोट वरून जड होते आणि उलटते. खलाशी लाकडी हातोड्यांनी तो फोडत राहतात. २०१७च्या फेब्रुवारीत सेंट जॉर्ज बेटाजवळ ‘डेस्टिनेशन’ ही बोट ६ जणांसह बुडाली. चौकशीत निघालं की सापळे सुमारे ८४० पौंडांचे होते आणि बोटीच्या तोलाचा हिशेब ७०० पौंड धरून केलेला. वजनकाट्यावर एक सापळा चढवला असता तरी हे कळलं असतं.

१९८०ला इथे सुमारे १३ कोटी पौंड खेकडा निघाला. १९८३ला हंगामच झाला नाही. २०२१ आणि २०२२लाही बंद होता, २०२३ला साडेएकवीस लाख पौंडांवर उघडला. २००५पर्यंत पकडीची एकूण मर्यादा संपेपर्यंत सगळ्यांची शर्यत असायची, वादळातही कुणी थांबत नसे. आता प्रत्येकाचा पकडीचा कोटा ठरलेला, त्यामुळे तांडेल हवा पाहून बंदरात थांबू शकतो. मात्र बोटी निम्म्याहून कमी झाल्या, तितके हात घरी बसले.

खलाशाला आपल्यासारखाच वाटा मिळतो, डिझेल, आमिष आणि शिधा वजा जाता. पण कोटा दुसऱ्याचा भाड्याने घेतला असेल तर ते भाडं आधी कापतात, आणि ते थोडंथोडकं नसतं. सगळी मेहनत डेकवरच्यांची, कोटेवाला किनाऱ्यावर. मला हे बरोबर वाटत नाही.

आईला नमस्कार, चिंगीला आशीर्वाद.

तुमचा,
सुरेश