जप्त गाडी अडते कुठे?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

पोलीस ठाण्यांच्या आवारात गंजत पडलेल्या दुचाकी-ट्रॅक्टरांचे फोटो दर उन्हाळ्यात छापून येतात आणि खापर ‘कोर्टाच्या तारखां’वर फुटते. ते अर्धेच खरे आहे.

जप्त वाहने ठाण्यात वर्षानुवर्षे ठेवू नयेत, पंचनामा आणि फोटो करून बंधपत्रावर ताब्यात द्यावीत, असे सर्वोच्च न्यायालयाने सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात २००२ सालीच बजावले. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ ने तर मुदतच घातली. मुद्देमाल न्यायालयापुढे हजर झाल्यापासून १४ दिवसांत वर्णनपत्र आणि फोटो, त्यानंतर ३० दिवसांत आदेश. हे फोटो खटल्यात पुरावा म्हणून चालतात. म्हणजे पुराव्यासाठी गाडीच डांबून ठेवायचे कारण सहसा उरत नाही.

मेख ‘हजर झाल्यापासून’ या शब्दांत आहे. दहा टायरचा ट्रक कोर्टात कोण नेणार? कोर्टाकडे फक्त जप्तीचा अहवाल जातो आणि प्रकरण कलम ५०३ मध्ये (जुने ४५७) येते. तिथे आदेशाला दिवसांची मुदत नाही. म्हणून मालकाने वाट पाहत बसू नये. गुन्हा नोंद असलेल्या ठाण्याच्या हद्दीतील न्यायदंडाधिकाऱ्यांकडे दोन्ही कलमांचा उल्लेख करून स्वतः अर्ज करावा. सोबत आरसी, विमा, ओळखपत्र, एफआयआर आणि जप्ती पंचनाम्याची प्रत.

अर्जावर तपास अधिकारी आणि सरकारी वकिलांचे म्हणणे मागवले जाते. बहुतेक अर्ज इथेच रेंगाळतात, आणि कारण अनेकदा क्षुल्लक असते: पंचनाम्यात हाताने लिहिलेला चेसिस नंबर एका आकड्याने चुकलेला. आरसीशी तो आधीच ताडून पाहावा. फरक दिसला तर फेरतपासणी करून पुरवणी पंचनामा करण्याची मागणी त्याच अर्जात करावी. दुसरे दुखणे जुन्या गाड्यांचे. पैसे दिले, टीटी (मालकी हस्तांतरणाच्या) फॉर्मवर सह्या घेतल्या, पण नाव बदललेच नाही. अशा वेळी नोंदणीकृत मालकाचे ना हरकत प्रतिज्ञापत्र लागते, आणि तो माणूस सापडेपर्यंत टायर फुटतात. कर्जाची गाडी असेल तर हप्त्यांचा हिशेब तयार ठेवावा. थकबाकी असल्यास फायनान्स कंपनीही ताबा मागू शकते. अपघातातील गाडीचा विमा संपलेला असेल, तर भरपाईची हमी दिल्याशिवाय ती सुटणे कठीण.

वाळूच्या गाड्यांचा घोळ वेगळाच. भीमेच्या पात्रातून वाळू नेताना पकडलेल्या डंपरवर फौजदारी गुन्ह्याबरोबर महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम ४८ खालीही कारवाई होते. कोर्टाचा आदेश हातात असला तरी महसूल खात्याचा दंड आणि बंधपत्र बाकी असेल, तर गाडी हलत नाही. दोन्हीकडे एकाच वेळी अर्ज करावा. माल नाशवंत असेल, समजा बाजार समितीकडे निघालेला कांदा, तर त्याच कलम ४९७ खाली विक्रीचा आदेश मागून रक्कम कोर्टात जमा ठेवता येते. गाडीबरोबर मालाचाही अर्ज करायचा असतो, हे अनेकांच्या ध्यानात येत नाही.

आदेश झाल्यावर बंधपत्र आणि हमीदार द्यावा लागतो. गाडी विकू नये, रंग-रूप बदलू नये, बोलावल्यावर हजर करावी, या नेहमीच्या अटी. कोर्टाचे पत्र घेऊन मुद्देमाल कारकुनाकडे जाल तेव्हा ताबा पावतीवर घाईने सही करू नका. बॅटरी, स्टेपनी, टूलबॉक्स आणि किलोमीटरचा आकडा पावतीवर लिहून घ्या. नंतर तक्रार करून बॅटरी परत मिळत नाही. अर्ज फेटाळला गेला तर सत्र न्यायालयात पुनरीक्षण (रिव्हिजन) अर्ज करता येतो. उच्च न्यायालयापर्यंत जायची वेळ आली, तरी ऑगस्ट २०२५ पासून सोलापूरकरांना कोल्हापूरचे सर्किट बेंच आहे.

नागरिक सुरक्षा संहितेच्याच कलम १०५ नुसार झडती-जप्तीचे चित्रीकरण करून ते विनाविलंब दंडाधिकाऱ्यांकडे पाठवणे बंधनकारक आहे. त्याच चित्रीकरणात चेसिस आणि इंजिन नंबर जवळून, वाचता येईल असा घ्यावा, एवढी सूचना शहर आणि ग्रामीण दोन्ही पोलिसांनी आपापल्या ठाण्यांना द्यावी. आकड्यांच्या चुकीपायी रखडणारे अर्ज त्याने तरी निकाली निघतील.

– एक फौजदारी वकील, सोलापूर